साबू परत का गेला नाही?

15 ऑगस्ट 1947 रोजी प्राणकुमार शर्मा नऊ वर्षांचे झाले. त्यांचे जन्मगाव कसूर, लाहोरजवळचे. फाळणीत ते पाकिस्तानात गेले आणि शर्मा कुटुंब भारतात आले. पुढे दिल्लीत राज्यशास्त्रात एम.ए. झालेल्या प्राण यांनी 1960 मध्ये ‘मिलाप’ दैनिकात ‘डब्बू’ ही चित्रमालिका सुरू केली.

त्या काळी आपल्याकडचे चित्रकथांचे नायक बहुधा परदेशी असत. 1964 पासून मुंबईच्या इंद्रजाल कॉमिक्सने फँटमला घरोघरी नेले. मराठीत तो ‘वेताळ’ झाला. नाव देशी झाले, कवटीची गुहा मात्र परकीच राहिली.

1970च्या आसपास प्राण यांनी ‘लोटपोट’ या हिंदी नियतकालिकासाठी चाचा चौधरी निर्माण केला. लाल पगडी, पांढऱ्या मिशा, हातात काठी. अंगात फारसे बळ नाही, डोके मात्र तल्लख. बळ आले ते साबूच्या रूपाने. गुरू ग्रहावरचा हा धिप्पाड गडी पृथ्वीवर आला आणि बिनी चाचीच्या हातचे पराठे खाऊन इथेच राहिला.

प्राण जन्मले त्याच वर्षी, 1938 मध्ये, अमेरिकेत सुपरमॅन अवतरला. त्याचे निर्माते जेरी सीगल आणि जो शुस्टर स्थलांतरित ज्यू कुटुंबांतले. सुपरमॅनही परग्रहावरचाच, पण माणसांत राहायचे तर त्याला चष्मा लावून क्लार्क केंट व्हावे लागते. साबूला वेषांतराची गरज पडत नाही. तो आहे तसा मोहल्ल्यात वावरतो आणि त्याचे कुणाला नवल वाटत नाही. मात्र अमरत्वाचे औषध प्यालेला डाकू राका समोर आला, की त्याची ताकद अपुरी पडते. तिथे चाचाची युक्तीच लागते.

2002 मध्ये सहारा वाहिनीवर या कथांची मालिका आली. चाचा झाले होते रघुवीर यादव. नंतर ॲनिमेशन मालिकाही निघाली. प्राण 5 ऑगस्ट 2014 रोजी गेले. पुढच्या वर्षी त्यांना मरणोत्तर पद्मश्री मिळाली.

फाळणीच्या साहित्याची यादी करताना आपण मंटो, भीष्म साहनी, कृष्णा सोबती यांची नावे घेतो. त्यांत प्राण यांचे नाव नसते. लाजपतनगर, राजेंद्रनगर अशा निर्वासितांनी वसवलेल्या वस्त्यांच्या या दिल्लीत राहून मी साबूकडे पाहते, तेव्हा मला तीच गोष्ट दिसते: दुरून आलेला एक माणूस, आणि त्याला ताट वाढणारे घर. साबूचे या घराशी नाते काय, हे अनुवाद करताना सांगायचे झाले तर मी अडखळते. तो नोकर नाही, आश्रित नाही, पाहुणाही उरलेला नाही. मराठीत एकच शब्द पुरतो: घरचा.