नाशिक-दिंडोरी भागांतील ख्रिस्ती उपदेशाची रीति

मराठी मुलखांतील ख्रिस्ती धर्मोपदेशाचा इतिहास आजवर जो लिहिला गेला तो बहुतेक मिशनांच्या इंग्रजी अहवालांवरून. त्या अहवालांत किती शाळा काढल्या, किती पुस्तकें वांटलीं, किती जणांस बाप्तिस्मा दिला यांचे आंकडे सांपडतात; परंतु उपदेशक बोलला कसा, कोणत्या भाषेंत बोलला, आणि ऐकणारानें त्यास काय उत्तर दिलें, हें त्यांत क्वचितच येतें. वस्तुतः उपदेशाचें यशापयश याच गोष्टींवर अवलंबून असतें. म्हणून प्रस्तुत लेखांत उपदेशाच्या रीतीचाच तेवढा विचार केला आहे. धर्मांतर योग्य कीं अयोग्य हा वाद येथें उकरून काढण्याचा हेतु नाहीं. तो ज्यांस करावयाचा असेल त्यांनीं सुखेनैव करावा.

दिंडोरी हें नाशिकच्या उत्तरेस सुमारें आठ कोसांवरचें तालुक्याचें गांव. नाशिकाहून निघालेला रस्ता दिंडोरीवरून वणीस व तेथून सप्तशृंगीच्या गडाकडे जातो. तालुक्याच्या पश्चिमेस पेठ-सुरगाण्याच्या बाजूस कोकणा, महादेव कोळी इत्यादि आदिवासींचे पाडे लागतात. पूर्वेस कुणबी-मराठ्यांचीं शेतीचीं गांवें आहेत. चैत्री पौर्णिमेस या वाटेनें यात्रेकरूंची रीघ लागते. एका टोंकास रामकुंड व दुसऱ्या टोंकास देवी, अशा दोन तीर्थांमधील या वाटेवर नवा धर्म सांगणारास पहिली अडचण हीच कीं, समोरचा मनुष्य धर्माविषयीं उदासीन नव्हता. तो धर्मकार्यासच निघालेला होता. त्याला थांबवावयाचें कसें, हा प्रश्न प्रत्येक पिढींतील उपदेशकास पडला, आणि प्रत्येक पिढीनें त्याचें उत्तर निराळें दिलें.

या प्रांतांतील उपदेशाचा सर्वांत जुना ठळक प्रसंग अमेरिकन मिशनचे गॉर्डन हॉल यांचा. हे गृहस्थ १८१३ सालीं मुंबईस आले व मराठी शिकून बाजारांत, देवळांपुढें, रस्त्यावर बोलूं लागले. १८२६ च्या मार्च महिन्यांत ते नाशिकास गेले, तों तेथें पटकीची सांथ जोरांत चालू. वैद्यकाचें त्यांस थोडेंबहुत ज्ञान होतें. जवळचें औषध व जवळचीं पुस्तकें संपेतोंपर्यंत तीं वांटून ते मुंबईच्या वाटेस लागले. वाटेंत एका खेड्यांत—मिशनच्या कागदांत त्याचें नांव दुर्ली-धापूर अशा कांहींशा इंग्रजाळलेल्या रूपानें येतें—त्यांस पटकीनें गांठलें, आणि २० मार्च रोजीं एका देवळाच्या ओसरीवर त्यांचा अंत झाला. बरोबरच्या दोघां मुलांनींच खळगा खणून त्यांस मूठमाती दिली. त्यांच्या मृत्यूचें वर्णन मिशनरी वाङ्मयांत पुष्कळदां आलें आहे. पण ज्या मूर्तिपूजेचें खंडन करण्यांत त्यांचें आयुष्य गेलें तिच्याच देवळाच्या ओसरीनें त्यांस शेवटचा आसरा दिला, ही गोष्ट त्या चरित्रकारांच्या फारशी लक्षांत आलेली दिसत नाहीं. औषध आणि पुस्तक हीं हॉलच्या उपदेशाचीं दोन साधनें. पैकीं पुस्तक बळकट करण्याचें काम त्यांच्या मंडळीनें नेटानें केलें: मिशनच्या छापखान्यांत १८१७ पासून मराठी छपाई सुरू होती, व हॉल वारले त्याच वर्षीं नव्या कराराचें मराठी भाषांतर पुरें झालें. याच छापखान्यांत टॉमस ग्रॅहम यांच्या हाताखालीं जावजी दादाजी अक्षरें पाडावयास शिकले, आणि पुढें त्यांनींच निर्णयसागर काढून हिंदूंचे पुराणग्रंथ घरोघर पोंचविले. उपदेशाचें साधन कोणाच्या उपयोगी पडेल हें उपदेशकाच्या हातीं नसतें.

यानंतरचा काळ वादाचा. मुंबईस १८३१ च्या सुमारास जॉन विल्सन व मोरभट दांडेकर यांचा वाद झाला व मोरभटांनीं ‘श्रीहिंदुधर्मस्थापना’ हें पुस्तक लिहिलें. पुढच्याच वर्षीं, १८३२ त, इंग्लंडच्या चर्च मिशनरी सोसायटीनें नाशिकास ठाणें घातलें. क्षेत्रांत शास्त्रीपंडित पुष्कळ. त्यांना युक्तिवादानें जिंकावें म्हणजे बाकीचे आपोआप मागें येतील, असा या पद्धतीमागील हिशेब. तो चुकला. वादास शास्त्री उभे राहात, लोक जमत, आणि वाद संपला म्हणजे दोन्ही पक्ष आपापल्या घरीं जात. श्रोत्याला वादाची गोडी होती, निर्णयाची घाई नव्हती.

या पद्धतीवर सर्वांत मोठा उलट घाव घातला तो विष्णुबावा ब्रह्मचारी यांनीं. आणि त्यांचा संबंध दिंडोरीच्या वाटेशीं येतो हें येथें मुद्दाम नोंदविण्याजोगें आहे. कुलाब्याकडील विष्णु भिकाजी गोखले यांनीं सरकारी चाकरी सोडून तपश्चर्या केली ती सप्तशृंगीच्या डोंगरावर. तेथून उतरून ते व्याख्यानें देत हिंडूं लागले, आणि १८५७ च्या जानेवारीपासून मेपर्यंत मुंबईच्या समुद्रकिनारीं पाद्र्यांशीं त्यांचा जाहीर वाद चालला. त्याचा वृत्तांत प्रतिपक्षाच्या बाजूनें जॉर्ज बोवेन यांनीं छापून काढला, हें पाद्र्यांच्या प्रामाणिकपणास भूषणावह आहे. पाद्र्यांनीं जी रीति आणली—उघड्या जागीं उभें राहून, सर्व जातींच्या लोकांपुढें, प्राकृत भाषेंत धर्म सांगण्याची—तीच विष्णुबावांनीं उचलली. तोंवर शास्त्र्यांचा वाद हा शास्त्र्यांतच होत असे.

वादानें माणसें मिळत नाहींत असें दिसल्यावर आश्रयाची कल्पना पुढें आली. विल्यम सॉल्टर प्राइस यांनीं १८५४-५५ च्या सुमारास नाशिकाबाहेर ख्रिस्ती लोकांचें गांव वसविलें व त्यास ‘शरणपूर’ असें नांव दिलें. नांव मोठें समर्पक. शरण जाणें आणि शरण मिळणें हे दोन्ही अर्थ त्यांत आहेत, व दोन्ही आपल्या भक्तिमार्गाच्या परिभाषेंतले. येथें सुतारकाम, लोहारकाम इत्यादि धंदे शिकवीत. अरबांच्या गलबतांवरून सोडविलेलीं आफ्रिकन मुलें याच ठिकाणीं ठेवण्यांत आलीं. त्यांपैकीं कांहीं पुढें लिव्हिंगस्टन यांच्या शोधयात्रेंत गेले. १८७३ त लिव्हिंगस्टन वारल्यावर प्रेतविधीच्या वेळीं प्रार्थना वाचणारा जेकब वेनराइट हा नाशिकचाच विद्यार्थी. १८७५ त प्राइस यांनीं मोंबासाजवळ फ्रीअरटाऊन वसविलें तें नाशिकच्या या आफ्रिकनांच्या बळावर. नाशिकच्या एका वाडीचा धागा असा थेट वेस्टमिन्स्टरपर्यंत जातो याचें कौतुक सर्वांनीं केलें आहे.

परंतु दिंडोरीच्या बाजूच्या खेडुताच्या दृष्टीनें शरणपूर म्हणजे काय होतें? खेड्यांतील मनुष्य ख्रिस्ती झाला कीं त्याचा पाणवठा बंद, रोटीबेटी बंद, बलुत्यावरील हक्क धोक्यांत. १८५० च्या २१ व्या कायद्यानें धर्मांतर करणाराचा वारसा राखला होता खरा. पण विहिरीवरचें पाणी व पंगतींतली जागा कायद्यानें मिळत नाहीं. तेव्हां त्याला शरणपुरासारख्या वसाहतीची गरज होतीच. पण तो तिकडे गेला म्हणजे त्याच्या गांवांत त्याचा धर्म पाहावयास कोणी उरत नसे. बाप्तिस्मा घेणें म्हणजे गांव सोडणें असा समज झाला. आमच्या मतें वादापेक्षांहि या समजानें उपदेशाचें अधिक नुकसान केलें. आश्रय देणारांचा हेतु शुद्ध होता. पण गांवाबाहेरच्या गांवांतून गांवाशीं बोलतां येत नाहीं.

तिसरी रीति कीर्तनाची, व ती मात्र येथल्या लोकांनीं शोधली. नगर प्रांतांत कृष्णराव रत्नाजी सांगळे यांनीं एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत ख्रिस्तचरित्रावर कीर्तनें केलीं. वीणा, मृदंग, पूर्वरंग, उत्तररंग, सर्व साज तोच. आख्यान तेवढें निराळें. ज्या श्रोत्याला प्रवचन दहा पळें ऐकवत नसे तो अर्धी रात्र बसूं लागला. परदेशी मंडळींपैकीं कित्येकांना प्रथम हें पाखंड वाटलें असल्यास नवल नाहीं.

या रीतीस खरी उंची दिली ती नारायण वामन टिळक यांनीं. १८९३ त राजनांदगांवच्या वाटेवर आगगाडींत एका अनोळखी गोऱ्या गृहस्थानें त्यांस नवा करार दिला. १० फेब्रुवारी १८९५ रोजीं मुंबईस त्यांनीं बाप्तिस्मा घेतला. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई नाशिकजवळील जलालपूरच्या गोखल्यांच्या कन्या. त्यांच्या आईच्या वडिलांस सत्तावनच्या बंडांत फांशी झाली, व त्या धक्क्यानें लक्ष्मीबाईंच्या वडिलांचें सोंवळें पराकोटीस गेलें, हें ‘स्मृतिचित्रें’ वाचणारांस ठाऊक आहे. अशा घरांतून आलेल्या बाईनें नवऱ्यामागून पांच वर्षांनीं, स्वतःच्या विचारानें, १९०० सालीं तो धर्म घेतला. तिला वादानें कोणी जिंकलें नव्हतें व आश्रयाची तिला कमतरता नव्हती. हा एकच दाखला उपदेशाच्या शास्त्रावरील पुष्कळ ग्रंथांच्या तोडीचा आहे.

आपण तुकारामाच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलों, असें टिळक म्हणत. अभंग, ओवी, भजन यांच्या द्वारें त्यांनीं मराठी ख्रिस्ती उपासनेला तिची स्वतःची वाणी दिली. १९१७ त तर मिशनची नोकरी सोडून साताऱ्यास त्यांनीं ‘देवाचा दरबार’ काढला व त्यांत बाप्तिस्मा घेतलेल्या-न घेतलेल्या दोघांसहि जागा ठेविली. १९१९ च्या मे महिन्यांत ते वारले, त्यामुळें हा प्रयोग अर्धाच राहिला. अपुरें राहिलेलें ‘ख्रिस्तायन’ मात्र लक्ष्मीबाईंनीं पुरें केलें व तें त्यांच्या पश्चात् १९३८ त बाहेर आलें.

याच काळांत केडगांवच्या मुक्तिसदनांत पंडिता रमाबाई नेमक्या उलट दिशेनें चालल्या होत्या. संस्कृत विद्येंत टिळकांहून त्या उण्या नव्हेत. परंतु बायबलाचें त्यांनीं जें भाषांतर केलें, जें त्यांच्या मृत्यूनंतर १९२४ त त्यांच्याच छापखान्यांतून निघालें, त्यांत पंडिती संस्कृत शब्द व जुन्या धर्मकल्पनांनीं भारलेले शब्द टाळून खेड्यांतल्या साध्या बाईस कळेल अशी मराठी योजण्याचा त्यांचा कटाक्ष होता. टिळकांना जुना शब्द हें वाहन वाटे, रमाबाईंना तो अडथळा वाटे. दोघेंहि ब्राह्मणकुळांत जन्मलेलीं, दोघेंहि शास्त्र जाणणारीं, दोघांचाहि श्रोता तोच. आमचा कल टिळकांकडे आहे, हें लपविण्याचें कारण नाहीं. तथापि अभंगाची गोडी ज्याच्या कानांत आधींच आहे त्यालाच टिळकांचा अभंग लागतो, हेंहि खरें. पेठ-सुरगाण्याच्या पाड्यांवर, जेथें डोंगऱ्या देव व वाघदेव यांचा अंमल आणि पावरीचे सूर, तेथें तुकारामाच्या पुलाचें दुसरें टोंक कोठें टेकावें? रमाबाईंची साधी बोली तेथें अधिक दूर जाते.

या सर्व रीतींची मोठी परीक्षा नाशिक जिल्ह्यांतच झाली. काळाराम मंदिराचा सत्याग्रह २ मार्च १९३० रोजीं सुरू झाला. १३ ऑक्टोबर १९३५ रोजीं येवल्यास डॉ. आंबेडकरांनीं हिंदु म्हणून मरणार नाहीं असें जाहीर केलें. त्यानंतर अनेक धर्मांच्या पुढाऱ्यांनीं त्यांस बोलावणीं केलीं, त्यांत ख्रिस्तीहि होते. शंभर वर्षें शाळा, दवाखाने चालविलेल्या मिशनांच्या पदरांत हा समाज पडेल असें पुष्कळांस वाटलें. तसें झालें नाहीं; १४ ऑक्टोबर १९५६ रोजीं नागपुरास त्यांनीं बौद्ध धर्म घेतला. मिशनांच्या पद्धतीवर आंबेडकरांनीं लिहिलेले टीकात्मक निबंध त्यांच्या मृत्यूनंतर छापले गेले आहेत. अस्पृश्य मनुष्य ख्रिस्ती झाला तरी त्याच्याशीं होणाऱ्या वागणुकींत किती फरक पडतो, हा त्यांचा रोखठोक प्रश्न होता. आणि त्याचें उत्तर कोणत्याहि कीर्तनांत नव्हतें.

पुढें कायद्यानेंहि वाटा निराळ्या केल्या. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाप्रमाणें ख्रिस्ती झालेल्यास अनुसूचित जातीच्या सवलती राहात नाहींत. शिखांस त्या १९५६ त व बौद्धांस १९९० त मिळाल्या. अनुसूचित जमातींना मात्र धर्माची अट नाहीं. त्यामुळें नाशिकरोडच्या दलित ख्रिस्ती कुटुंबाचा व पश्चिमेकडील कोकणा ख्रिस्ती कुटुंबाचा दाखला एकाच कचेरींत निरनिराळा ठरतो. चर्चच्या व्यवस्थाहि बदलल्या: नाशिकचा अँग्लिकन धर्मप्रांत १९२९ चा, तो १९७० त उत्तर भारत चर्चमध्यें मिळाला, रोमन कॅथलिक धर्मप्रांत १९८७ त निराळा झाला. आजचा पाड्यावरील उपदेशक बहुधा त्याच समाजांतला असतो. कुडाच्या घरांत प्रार्थना, टाळीवर गाणें, आजाऱ्यासाठीं विनवणी, दारू सोडण्याची शपथ. भगताकडे ज्या कामासाठीं जात त्याच कामासाठीं लोक प्रथम त्याच्याकडे येतात. हॉलची औषधाची पेटी गेली, पण आजारी मनुष्य तोच आहे. कोणी घर सोडून शरणपुरास जात नाहीं. त्यामुळें आतां झगडा गांवांतच राहतो, देवाच्या वर्गणीवरून, मयताच्या जागेवरून, आणि कधीं तो कज्जांपर्यंत जातो.

संग्राहकांस आमची विनंति अशी. फादर टॉमस स्टीफन्स यांचें ख्रिस्तपुराण रायतूर येथें १६१६ त छापलें गेलें, पुढें आणखी दोनदां छापलें. त्या तिन्ही आवृत्तींची एकहि प्रत आज ठाऊक नाहीं. ग्रंथ वांचला तो मंगळूरकडील ख्रिस्ती घराण्यांनीं हातानें नकललेल्या पोथ्यांमुळें. त्यांवरून १९०७ त सालढाणा यांनीं तो पुन्हां छापला, व नागरी प्रत जस्टिन ॲबट यांस लंडनच्या मार्सडेन संग्रहांत सांपडली. सांगळे यांच्यामागून नगर-नाशिक भागांत हिंडलेल्या ख्रिस्ती कीर्तनकारांचीं बाडें ही त्याच जातीची वस्तु आहे. आख्यानाची टिपणें, पदांच्या चाली, हार्मोनियमच्या पेटींत घडी घालून ठेवलेले कागद, बाप्तिस्म्याच्या नोंदी, मोडींतील पत्रें, थडग्यांवरील मराठी लेख, यांची कोणीहि पोथी म्हणून गणना करीत नाहीं. म्हणून तीं रद्दींत जातात. दिंडोरी, वणी, मालेगांव, शरणपूर येथील जुन्या ख्रिस्ती घरांत असें कांहीं आढळल्यास त्याची नक्कल करून घ्यावी, चाल ठाऊक असणारें माणूस हयात असेल तर तीहि ध्वनिमुद्रित करावी, आणि देवाला, पापाला, मोक्षाला लिहिणारानें कोणता शब्द वापरला आहे तो तेवढा शुद्ध करण्याच्या नादांत बदलूं नये.