जेऊरचा मनोरा आणि तळणीचे भिंग

शहापुराहून मुरबाडच्या वाटेस लागले म्हणजे भातसेच्या काठी सापगाव लागते. गेल्या मार्गशीर्षातील अमावास्येस आम्ही तेथे एका स्नेह्यांच्या शेतावर मुक्कामास होतो. पश्चिमेस कल्याण-ठाण्याच्या दिव्यांचा पिवळट उजेड क्षितिजावर साचला होता खरा; परंतु पूर्वेकडील आकाश अद्याप बरेचसे काळे असून मृग आणि व्याध डोळ्यांत भरत होते. स्नेह्यांचा पुतण्या अंगणात तिवईवर कॅमेरा चढवून बसला होता. पण चेहरा उतरलेला. जवळ दोनशे मिलिमीटरांचे एक जुने भिंग होते, तेवढेच. तो म्हणाला, "काका, ह्या भिंगात काय येणार? लाखभर रुपयांचे मोठे भिंग घेतल्यावाचून आकाशाचे चित्र काही निघायचे नाही."

हा उद्गार एकट्या त्याचा नव्हे. आकाशाची छायाचित्रे घेण्याचा नाद लागलेल्या बहुतेक तरुणांची हीच समजूत असते, आणि दुकानदार ती दृढ करण्यास सदैव तत्पर असतो. ह्या समजुतीचा निकाल आपल्याच महाराष्ट्राच्या भूमीवर एकदा लागून गेला आहे. ती हकीकत आम्ही त्यास त्या रात्री सांगितली. तीच येथे वाचकांपुढे ठेवतो.

२२ जानेवारी १८९८ रोजी दुपारी सूर्यास खग्रास ग्रहण लागले. चंद्राच्या छायेचा पट्टा कोकणच्या किनाऱ्यावरून चढून देश आणि वऱ्हाड ओलांडीत ईशान्येस बिहारकडे गेला. सापगाव त्या पट्ट्याच्या वायव्येस राहिल्यामुळे तेथे ग्रहण खंडग्रासच होते. त्या हंगामात मुंबई-पुण्याकडे प्लेगने हाहाकार माजविला होता. तरीही विलायतेहून आणि अमेरिकेहून ज्योतिषी यंत्रांच्या पेट्या घेऊन येथे उतरले. विजयदुर्गाच्या किल्ल्यात सर नॉर्मन लॉकियर ह्यांनी ठाणे दिले. लॉकियरसाहेबांनी हेलियमचा शोध १८६८ साली ह्याच किल्ल्यावरून लावला, असे आजही सांगितले जाते, ते बरोबर नाही. १८६८ साली ते इंग्लंडातच होते व तेथूनच त्यांनी सूर्याचा वर्णपट तपासला. विजयदुर्गास ते आले ते तीस वर्षांनी, ह्या ग्रहणाच्या वेळी.

आमच्या विषयाशी संबंध आहे तो मात्र दुसऱ्या दोन ठाण्यांचा. पहिले सोलापूर जिल्ह्यातील जेऊरचे. तेथे कॅलिफोर्नियातील लिक वेधशाळेचे कॅम्बेल सपत्नीक आले होते. त्यांच्या सरंजामात एक कॅमेरा असा होता की, त्याचे भिंग पाच इंच व्यासाचे, आणि भिंगापासून प्रतिमा पडण्याच्या जागेपर्यंतचे अंतर, ज्यास नाभ्यंतर म्हणतात, तब्बल चाळीस फूट! हे धूड सूर्यामागे फिरविणे शक्य नव्हते. म्हणून भिंग उंच मनोऱ्यावर ग्रहणाच्या वेळच्या सूर्याकडे रोखून बसवावयाचे, खाली कापडाची लांब नळी सोडावयाची आणि तळाशी काचेची प्लेट तेवढी घड्याळाच्या यंत्राने सूर्याच्या गतीबरोबर सरकत ठेवावयाची, अशी युक्ती केलेली होती. दुसरे ठाणे वऱ्हाडात अमरावतीच्या बाजूस तळणी येथे ब्रिटिश ज्योतिष मंडळाचे. त्यात वॉल्टर माँडर ह्यांच्या पत्नी अ‍ॅनी माँडर होत्या. ह्या बाई ग्रिनिचच्या वेधशाळेत गणकाचे काम करीत. परंतु १८९५ साली विवाह होताच तेथील नियमास अनुसरून त्यांना नोकरी सोडावी लागली होती. त्यांच्याजवळचा कॅमेरा हातात मावण्याजोगा: भिंग दीड इंच व्यासाचे आणि नाभ्यंतर अवघे नऊ इंच. तेही मूळ आकाशगंगेची चित्रे घेण्याच्या हेतूने, त्यांच्या महाविद्यालयाने दिलेल्या संशोधनवृत्तीतून घेतलेले.

आता वाचकांनी थोडे गणित सोसावे. सूर्याच्या प्रतिमेचा आकार नाभ्यंतराच्या सुमारे एकशेसातव्या हिश्शाइतका असतो. त्या हिशेबाने जेऊरच्या प्लेटेवर सूर्यबिंब साडेचार इंचांचे पडावयाचे, तर तळणीच्या प्लेटेवर ते दोन मिलिमीटरांचा एक ठिपका! येथवर मनोऱ्याचीच सरशी दिसते. परंतु प्रतिमा मोठी झाली म्हणजे तोच प्रकाश अधिक जागेवर पसरून फिका होतो. पसरट उजेडाची प्रतिमा किती तेजस्वी पडेल हे भिंगाच्या एकट्या व्यासावर ठरत नाही, व्यास आणि नाभ्यंतर ह्यांच्या प्रमाणावर ठरते. जेऊरच्या भिंगाचे नाभ्यंतर व्यासाच्या ९६ पट, तळणीच्या भिंगाचे ६ पट. ह्या दोन आकड्यांतील अंतर सोळा पटींचे, आणि सोळांचा वर्ग २५६. म्हणजे ज्या थोट्या भिंगाकडे पाहून कोणीही हसला असता, ते प्लेटेच्या प्रत्येक कणावर मनोऱ्याच्या अडीचशे पट उजेड टाकीत होते.

खग्रास स्थिती उणीपुरी दोन मिनिटे टिकली. आकाश निरभ्र होते आणि दोन्ही ठाण्यांस यश आले. पण ते यश भिन्न जातीचे होते. जेऊरच्या मोठ्या प्लेटांवर सूर्याच्या कडेवरील ज्वाला आणि त्यांच्याभोवतीच्या प्रभामंडळाच्या आतील भागाची रचना बारकाव्यानिशी उमटली. प्रभामंडळाच्या बाहेरच्या अंगास मात्र इतका मंद उजेड असतो की, तेथे मनोऱ्याची मात्रा चालत नाही. तळणीच्या लहान प्लेटेवर बारकावा नव्हता; परंतु सूर्यापासून निघून सुमारे साठ लाख मैल, म्हणजे सूर्याच्या चौदा त्रिज्या, दूर गेलेला प्रभेचा एक किरण तिने टिपला. इतका लांब किरण त्यापूर्वी कोणाच्याही छायाचित्रात आलेला नव्हता.

ह्यावरून लहान भिंग थोर आणि मोठे भिंग व्यर्थ, असा अर्थ जो काढील तो फसेल. कॅम्बेल ह्यांस आतील रचना पाहावयाची होती, त्यांनी लांब भिंग घेतले. माँडरबाईंस बाहेरची मंद प्रभा हवी होती, त्यांनी आखूड परंतु उजळ भिंग लावले. दोघांनीही आपणांस काय पाहावयाचे हे आधी ठरविले आणि यंत्र मागाहून निवडले. आजच्या कॅमेऱ्यात काचेची प्लेट जाऊन सेन्सर आला, तरी हा क्रम बदललेला नाही. चंद्रावरची विवरे पाहिजेत तर लांब नाभ्यंतर हवे. आकाशगंगेचा पट्टा पाहिजे तर चौदा ते चोवीस मिलिमीटरांचे रुंद तोंडाचे भिंग हवे. आणि कॅमेरा स्थिर तिवईवर असेल तर भिंग जितके लांब तितका उघडीपीचा काळ कमी, नाहीतर ताऱ्यांच्या रेघा उमटतात.

ह्याच गोष्टीची दुसरी, काहीशी दुःखद बाजूही सांगितली पाहिजे. त्या दिवशी जेऊरास पुण्याच्या सायन्स कॉलेजातील कावसजी दादाभाई नायगमवाला हेही आपले ठाणे देऊन वर्णपटाची छायाचित्रे घेत होते. त्यांचा अहवाल १९०२ साली छापला गेला. भावनगरच्या तख्तसिंहजी महाराजांच्या देणगीतून पुण्यास त्यांनी वेधशाळा उभारली होती, आणि तेथील वीस इंची दूरदर्शक हा त्या काळी हिंदुस्थानातील सर्वांत मोठा होता. १९१२ साली नायगमवाला निवृत्त झाले आणि वेधशाळाही मिटली. यंत्रे कोडाईकनालास गेली. तेथे तेव्हा संचालक होते एव्हरशेड, जे १८९८ साली तळणीच्याच तुकडीत होते! पुण्यास यंत्राची उणीव कधीच नव्हती. प्रश्न विचारणारा माणूस गेला, त्याच्या जागी दुसरा उभा राहिला नाही, आणि मग यंत्रासही तेथे राहण्याचे कारण उरले नाही. देणगीने यंत्र मिळते. जिज्ञासेची परंपरा दर पिढीने नव्याने कमवावी लागते.

आमची हकीकत संपली तेव्हा व्याध बराच वर आला होता. पुतण्याने विचारले, "माँडरबाईंचे नऊ इंच म्हणजे किती मिलिमीटर हो, काका?" आम्ही सांगितले, "दोनशे एकोणतीस." त्याने आपल्या दोनशे मिलिमीटरांच्या भिंगाकडे एकवार पाहिले आणि काही न बोलता कॅमेरा कृत्तिकांकडे वळविला. पहिल्या चित्रात ताऱ्यांच्या रेघा आल्या. उघडीप दोन सेकंदांवर आणताच ते ठिपके झाले. मग तशीच शंभर चित्रे घेऊन ती एकावर एक रचण्याचा बेत त्याने केला. कृत्तिकांभोवतीचे निळसर धुके त्यांत दिसते की नाही, हे त्यास पाहावयाचे होते. भिंगाच्या किमतीचा विषय त्या रात्री पुन्हा निघाला नाही.