फुटबॉलचा एक फिरता कारागीर

नेरूळच्या डी. वाय. पाटील क्रीडांगणावर १८ ऑक्टोबर २०१४ रोजीं मुंबई सिटी या संघानें एफसी पुणे सिटीचा ५ विरुद्ध ० असा पराभव केला. तो सामना प्रत्यक्ष पाहिलेले वाचक आपल्या धर्मग्रामांत कांहीं असतील. त्यांस विचारावें, त्या दिवशीं गोल कोणीं केले? कोणीतरी चटकन सांगेल कीं, आंद्रे मॉरित्झ या ब्राझीलच्या खेळाडूनें तीन केले. मग विचारावें, पुण्यास एकही गोल करूं दिला नाहीं तो कोणीं? येथें मंडळी एकमेकांच्या तोंडाकडे पाहूं लागते.

फुटबॉलच्या इतिहासाची लेखणी पूर्वींपासून गोल करणाराच्या बाजूची आहे. गोल झाला कीं त्याची मिनिटासह नोंद होते. न झालेल्या गोलाची नोंद कोणत्याच वहींत होत नाहीं. बचावपटूचें काम तर असें कीं, तें जितकें चांगलें वठेल तितकें दिसेनासें होतें. समोरचा गडी वेगानें येत असतां त्याच्यावर झडप न घालतां मागें मागें सरकत राहणें, त्यास हळूहळू मैदानाच्या कडेला लोटणें, सोबती चुकून पुढें गेला तर त्यानें सोडलेली जागा गुपचूप भरणें, चौघांची रांग एकाच क्षणीं दोन पावलें पुढें घेऊन प्रतिपक्षास ऑफसाइडमध्यें अडकविणें, यांत दूरच्या प्रेक्षकास पाहण्यासारखें फारसें कांहीं नसतें. चूक झाली कीं मात्र सारें क्रीडांगण त्याचें नांव घेतें. त्यांतून तो बचावपटू एकाच संघाचा जन्मभराचा आधारस्तंभ नसून वर्षां-दोन वर्षांच्या करारावर गांवोगांव फिरणारा असेल, तर त्याची आठवण ठेवण्यास एखादें गांवही उरत नाहीं.

अशा एका खेळाडूची हकीकत येथें सांगावयाची आहे. राहुल भेके हे मराठी आहेत आणि खाडीपलीकडील मुंबईचे आहेत, हें झालें निमित्त. खरें कारण असें कीं, आपल्या घरांतील कित्येक मुलें आम्हीं हाच धंदा करणार असें म्हणूं लागलीं आहेत, आणि त्यांच्या आईबापांस त्या धंद्याचा जमाखर्च कोणी सांगत नाहीं.

प्रथम थोडा मागील इतिहास पाहिला पाहिजे. मुंबईंत रोव्हर्स चषकाची स्पर्धा १८९१ सालीं सुरू झाली. ती मूळची गोऱ्या पलटणींची. १९३७ सालीं बंगलोर मुस्लिम्स या संघानें ती जिंकली, तेव्हां तो चषक प्रथम हिंदी खेळाडूंच्या हातीं आला. पुढें कूपरेजच्या मैदानावर टाटा, मफतलाल, ओर्के मिल्स, एअर इंडिया, महिंद्र, रेल्वे, बँका अशा संस्थांचे संघ दिसूं लागले. १९६२ च्या जकार्ता येथील आशियाई खेळांत सुवर्णपदक मिळविणाऱ्या भारतीय संघांतील हाफबॅक फोर्तुनातो फ्रँको हे मूळचे गोव्याचे. मुंबईंत ते टाटांच्या संघांतून खेळत. संस्थांच्या या व्यवस्थेंत खेळाडूचें नांव बहुधा कचेरीच्या हजेरीपटावर असे. पैसा बेताचा, पण गुडघा गेला म्हणून खुर्ची जात नसे. सामन्याच्या दिवशीं लवकर सुटी आणि वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षीं निवृत्तिवेतन, असा तो सरळ हिशेब होता.

तो हिशेब आमच्या डोळ्यांदेखत मोडला. महिंद्र युनायटेड हा २००५-०६ चा राष्ट्रीय विजेता संघ. तो २०१० सालीं मालकांनीं बंद केला. पंजाबांत फगवाड्याचा जेसीटी २०११ सालीं गेला. त्यांच्या जागीं जे संघ आले ते नोकरी देणारे नव्हते, करार देणारे होते. करार संपला कीं नातें संपलें. आणि कित्येकदां करार संपण्यापूर्वीं संघच संपला.

६ डिसेंबर १९९० रोजीं मुंबईंत जन्मलेले भेके हे या नव्या व्यवस्थेचे पहिल्या पिढींतील मजूर होत. मजूर हा शब्द मीं हलकेपणानें वापरलेला नाहीं. हत्यारांची पिशवी खांद्यावर टाकून काम असेल त्या गांवीं जाणाऱ्या सुताराचा मान माझ्या मनांत मोठा आहे. मुंबई एफसी या संघांत, खालिद जमील यांच्या हाताखालीं, ते तयार झाले. हा संघ श्रीमंत नव्हता. सामना बरोबरींत सोडविणें हीच ज्याची मिळकत, अशा संघांत बचावपटूस विश्रांति नसते. शाळा म्हणून ती उत्तमच म्हणावयाची.

नंतर ते कलकत्त्यास ईस्ट बंगालकडे गेले. हा १९२० सालचा संघ. त्याचा प्रेक्षक प्रेमळ खरा, पण पराभव क्षमा करणारा नव्हे. येथें त्या काळची एक विचित्र पद्धत समजून घेतली पाहिजे. देशांत दोन मोठ्या स्पर्धा होत्या. २०१४ सालीं सुरू झालेली इंडियन सुपर लीग ऑक्टोबर ते डिसेंबर अशी अडीच-तीन महिन्यांची होती. जानेवारीपासून उन्हाळ्यापर्यंत आय-लीग चाले. सुपर लीगमधील कित्येक हिंदी खेळाडू उरलेल्या काळासाठीं आय-लीगमधील संघांकडून उसने घेतलेले असत. त्याप्रमाणें २०१५ सालीं भेके केरळ ब्लास्टर्सकडून कोचीस खेळले, आणि तो संघ आठांत आठवा आला. २०१६ सालीं ते एफसी पुणे सिटीकडून बालेवाडीस खेळले, आणि तो संघ सहावा आला. प्रत्येक हंगामांत नवा प्रशिक्षक, नवा गोलरक्षक, शेजारीं उभा राहणारा नवा सोबती. बचाव ही चौघांची एकत्र समजूत असते. ती जमावयास महिने लागतात. ती जमली न जमली तोंच पुढच्या गाडीचें तिकीट हातीं पडावयाचें. या काळांतील त्यांच्या खेळाविषयीं लिहिलेलें थोडेंच सांपडेल, आणि नवल असें कीं, ज्या संघांचे ते कपडे घालीत त्यांपैकींही दोन आज नाहींत. मुंबई एफसी २०१७ सालीं आय-लीगमधून खालीं उतरला आणि बंद पडला. एफसी पुणे सिटी २०१९ सालीं विसर्जित झाला.

२०१७ सालीं ते बेंगळूरू एफसीमध्यें गेले. येथें कांहीं काळ त्यांचा मुक्काम स्थिर झाला, आणि येथेंच इतिहासाच्या वहींत त्यांचें नांव प्रथम ठळकपणें चढलें. तें बचावासाठीं नव्हे, गोलासाठीं! २० एप्रिल २०१८ रोजीं भुवनेश्वरास सुपर कपचा अंतिम सामना होता. प्रतिपक्ष ईस्ट बंगाल, म्हणजे त्यांचें कालपरवापर्यंतचें घर. ईस्ट बंगालनें आघाडी घेतली. बरोबरी साधली ती भेकेंनीं. बेंगळूरूनें तो सामना ४-१ असा जिंकला.

परंतु त्याहून मोठी गोष्ट दोन मार्च महिन्यांची आहे. १७ मार्च २०१८ रोजीं सुपर लीगचा अंतिम सामना बेंगळूरूच्याच कांतीरव मैदानावर झाला. घरच्या संघानें नवव्या मिनिटास गोल केला, आणि तरीही चेन्नईयिन संघानें त्यास ३-२ असें हरविलें. त्या तिहींपैकीं दोन गोल मायल्सन आल्वेस या बचावपटूनें केले. दोन्ही कॉर्नरवरून आलेल्या चेंडूवर, दोन्ही डोक्यानें. ज्यांनीं बचाव करावयाचा त्यांच्या छातींत अशी जखम खोल बसते. कारण कॉर्नर ही अचानक येणारी आपत्ति नव्हे. कोणी कोणास धरावें, कोणीं जवळच्या खांबापाशीं उभें राहावें, याचा सराव आठवडाभर झालेला असतो.

बरोबर एक वर्षानें, १७ मार्च २०१९ रोजीं, अंधेरीच्या मुंबई फुटबॉल अरेनावर बेंगळूरू पुन्हां अंतिम सामन्यांत उतरला. समोर गोव्याचा संघ. नव्वद मिनिटें गोलाविना गेलीं. जादा वेळेच्या पहिल्या भागाच्या शेवटीं गोव्याच्या अहमद जाहू यास मैदानाबाहेर घालविण्यांत आलें. ११७ व्या मिनिटास दिमास देल्गादो यानें कॉर्नरवरून चेंडू टाकला, आणि भेकेंनीं तो डोक्यानें गोलांत घातला. सामना १-० असा संपला. साखळींत पहिला आलेला संघ अंतिम विजेताही ठरला, असें त्या स्पर्धेंत तोंवर घडलें नव्हतें. गतवर्षीं ज्या वारानें संघ पडला, तोच वार, तोच दिवस. मारणारा पुन्हां एक बचावपटू, आणि तोही आपल्या जन्मगांवीं.

बचावपटू कॉर्नरच्या वेळीं पुढें कां जातो, हें ज्यांस ठाऊक नसेल त्यांच्यासाठीं दोन शब्द. हवेंतील चेंडू कोठें उतरणार हें ओळखणें हा त्याचा रोजचाच उद्योग असतो. आपल्या गोलासमोर तो चेंडू बाहेर घालवितो. प्रतिपक्षाच्या गोलासमोर तोच आत घालावयाचा, एवढाच भेद. भेकेंच्या अंगीं आणखी एक गुण होता: कडेच्या रेषेवरून ते हातानें चेंडू इतका लांब फेंकीत कीं साध्या थ्रोचा कॉर्नर होई.

त्याच २०१९ सालच्या ५ जूनला, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षीं, ते थायलंडांत किंग्ज कपमध्यें क्युरासावविरुद्ध भारताकडून प्रथम खेळले. भारत ३-१ असा हरला. ज्या वयांत पुष्कळांची नांवें मागें पडूं लागतात त्या वयांत यांचा आरंभ झाला. इतकीं वर्षें वाट पाहणें हाही या धंद्याच्या खर्चाचाच एक रकाना आहे.

२०२१ सालीं ते मुंबई सिटीकडे आले. ११ एप्रिल २०२२ रोजीं रियाध येथें आशियाई चॅम्पियन्स लीगमध्यें मुंबई सिटीची गांठ इराकच्या हवाई दलाच्या संघाशीं पडली. एएफसी कप तीनदां जिंकलेला तो संघ. इराकी आघाडीवर गेले. दिएगो मॉरिसियो यानें पेनल्टीवर बरोबरी केली. आणि ७५ व्या मिनिटास कॉर्नरवरून आलेला चेंडू भेकेंनीं डोक्यानें आंत घातला. २-१. त्या स्पर्धेंत कोणत्याही भारतीय संघानें मिळविलेला तो पहिला विजय. कॉर्नर मारणारा कोण म्हणाल, तर अंधेरीच्या त्या रात्रीं मैदानाबाहेर गेलेला जाहू! फिरत्या कारागिरांच्या जगांत कालचा शत्रु आज असा शेजारीं येऊन बसतो. उलटही घडतें: त्याच वर्षीं १८ सप्टेंबरला ड्युरंड कपच्या अंतिम सामन्यांत मुंबई सिटी हरली ती बेंगळूरूकडूनच. पुढें २०२२-२३ ची साखळी मुंबई सिटीनें जिंकली, आणि ४ मे २०२४ रोजीं कलकत्त्यास मोहन बागानला ३-१ असें नमवून सुपर लीगचा चषक भेकेंनीं कर्णधार म्हणून उचलला. त्यानंतर ते पुन्हां बेंगळूरूस गेले. चषक उचलणारा कर्णधार अवघ्या कांहीं आठवड्यांत संघ सोडतो, याचें जुन्या लोकांस आश्चर्य वाटेल. या धंद्यांत तें कोणास वाटत नाहीं.

राष्ट्रीय संघांतही तीच तऱ्हा. १८ नोव्हेंबर २०२४ रोजीं हैदराबादेस मलेशियाविरुद्ध भारत एका गोलानें मागें असतां ३९ व्या मिनिटास त्यांनीं बरोबरी साधली. १९ मार्च २०२५ रोजीं शिलाँगला मालदीवविरुद्धच्या ३-० विजयांतील पहिला गोल त्यांचा. भारताला सामना जिंकून तेव्हां सोळा महिने होत आले होते.

आतां जमाखर्चाची दुसरी बाजू. २०२५ च्या जुलैंत, व्यापारी करारासंबंधींच्या तंट्यामुळें, सुपर लीगचा पुढील हंगाम स्थगित असल्याचें जाहीर झालें. ४ ऑगस्ट रोजीं बेंगळूरू एफसीनें आपल्या पहिल्या संघाच्या खेळाडूंचे व कर्मचाऱ्यांचे पगार अनिश्चित काळासाठीं थांबविल्याची घोषणा केली. हा कांहीं डबघाईस आलेला किरकोळ संघ नव्हे. राष्ट्रीय विजेतेपदें मिळविलेला, शिस्तीबद्दल नांवाजलेला संघ. फेब्रुवारी २०२६ पासून स्पर्धा होईल हें सरकारकडून कळावयास जानेवारी उजाडला. मधल्या महिन्यांत देशांतील शेंकडों खेळाडूंनीं कोणत्या भरंवशावर सराव चालू ठेवला असेल, याचा विचार ज्या घरीं मुलगा बूट बांधून उभा आहे त्या घरानें करावा.

त्याच ऑगस्टच्या पहिल्या तारखेस भारतीय संघाचे प्रशिक्षक म्हणून खालिद जमील यांची निवड झाली होती. मुंबई एफसीचे तेच जमील. त्यांनीं ताजिकिस्तानांतील स्पर्धेसाठीं निवडलेल्या संघांत चौतीस वर्षांचे भेके होते. ८ सप्टेंबर २०२५ रोजीं हिसोर येथें तिसऱ्या क्रमांकासाठीं ओमानशीं सामना १-१ असा बरोबरींत राहिला आणि निकाल पेनल्टींवर आला. भेकेंनीं आपली पेनल्टी गोलांत घातली. ओमानची शेवटची गुरप्रीत सिंग संधू यांनीं अडविली. भारत जिंकला. बेंगळूरूची पगारबंदी जाहीर होऊन त्या दिवशीं पांच आठवडे झाले होते.