चुकीच्या आरोपामुळे मागे पडलेलं पॅरासिटामॉल

ताप आला की तुम्ही क्रोसिन घ्या, कॅलपोल घ्या किंवा डोलो घ्या, आतलं औषध एकच: पॅरासिटामॉल. एकोणिसाव्या शतकातच तयार झालेलं हे औषध घराघरांत पोहोचायला मात्र १९५० नंतरचा काळ उजाडला.

१८८६ साली स्ट्रासबर्गमध्ये कान आणि हेप हे दोन तरुण डॉक्टर जंतांवर उपाय म्हणून नॅफ्थलीन (हो, डांबराच्या गोळ्यांमधलंच!) देऊन पाहत होते. एका रुग्णाचे जंत गेले नाहीत, पण ताप उतरला. चौकशी केली तेव्हा कळलं, औषधाच्या दुकानातून चुकून ॲसिटॅनिलाइड आलं होतं. तेच लगेच ‘अँटिफेब्रिन’ नावाने विकलं जाऊ लागलं.

ताप उतरायचा, पण काहींचे ओठ आणि नखं निळी पडायची. या औषधामुळे रक्तातलं हिमोग्लोबिन बदलतं आणि त्याला प्राणवायू नीट वाहून नेता येत नाही. म्हणून त्याच्या जवळची इतर रसायनं तपासली गेली. त्यात फेनासेटिन होतं आणि पॅरासिटामॉलही. १८९३ मध्ये फॉन मेरिंग यांनी लिहिलं की पॅरासिटामॉलनेही रक्तात तोच दोष येतो. बहुधा त्यांचं औषध पुरेसं शुद्ध नसावं. पण मोठ्या माणसाचं मत, ते पुन्हा तपासायला अर्धं शतक कोणी फिरकलं नाही!

१९४८ मध्ये न्यूयॉर्कमध्ये ब्रॉडी आणि ॲक्सेलरॉड यांनी दाखवलं की ॲसिटॅनिलाइडचं शरीरात गेल्यावर मुख्यतः पॅरासिटामॉलच होतं आणि गुण येतो तो त्याचाच. निळेपणा येतो तो ॲनिलिनसारख्या दुसऱ्या घटकांमुळे. फेनासेटिनचंही शरीरात पॅरासिटामॉलच बनतं. म्हणजे लोक इतकी वर्षं पॅरासिटामॉलचाच फायदा घेत होते, फक्त विषारी वाटेने. फेनासेटिन तर पुढे किडनी खराब करतं म्हणून भारतासह अनेक देशांत बंद झालं.

१९५५ मध्ये अमेरिकेत, १९५६ मध्ये ब्रिटनमध्ये पॅरासिटामॉल बाजारात आलं. खरा धोका दिसला १९६६ मध्ये, आणि तो रक्तात नव्हता, लिव्हरमध्ये होता. या औषधाचा थोडा भाग लिव्हरमध्ये विषारी बनतो. तिथलं ग्लुटाथायोन त्याला निकामी करतं. डोस फार झाला की ग्लुटाथायोन संपतं आणि लिव्हरच्या पेशी मरू लागतात. पहिला दिवस बऱ्याचदा ठीक जातो, त्यामुळे रुग्ण दवाखान्यात उशिरा येतो.

निरोगी प्रौढाची दिवसाची कमाल मर्यादा ४००० मिलिग्रॅम. ६५० च्या सहा गोळ्यांतच ३९०० होतात. लिव्हरचा आजार, रोजची दारू किंवा कमी वजन असेल तर मर्यादा आणखी खाली येते. सर्दीच्या बहुतेक गोळ्यांतही पॅरासिटामॉल असतं, तेव्हा तापाच्या गोळीसोबत ती घेण्याआधी पाकिटावरचं नाव वाचा.