आकस्मिक मृत्यू आणि मागे राहिलेले

३० सप्टेंबर १९९३. अनंत चतुर्दशीचे गणेश विसर्जन आटोपून लातूर, उस्मानाबाद जिल्ह्यांतील गावे झोपी गेली होती. पहाटे चारच्या सुमारास झालेल्या भूकंपात किल्लारी परिसरातील हजारो माणसे दगामातीच्या घरांखाली गाडली गेली. अनेक घरांत रडायलाही कोणी उरले नाही. भारतीय जैन संघटनेने सुमारे १२०० मुलांना शिक्षणासाठी पुण्यात आणले.

दीर्घ आजारात निरोपाला अवधी मिळतो. अपघात, आपत्ती वा हृदयविकाराच्या झटक्यात तो मिळत नाही. त्यामुळे प्रारंभी दुःखापेक्षा अविश्वासच अधिक असतो. झोप उडते, अन्न गोड लागत नाही. 'आपण थांबवले असते तर', ही अपराधी भावना पोखरत राहते. एलिझाबेथ क्युब्लर-रॉस यांनी १९६९ मध्ये पाच अवस्था मांडल्या. मात्र त्यांचे मूळ निरीक्षण मरणासन्न रुग्णांचे होते. शोक त्याच क्रमाने ओसरतो, असे नाही.

घरातील प्रत्येकाचा शोकही वेगळा असतो. कर्ता पुरुष गेल्यास पत्नीला अश्रूंआधी बँक, विमा, वारस नोंदीची कागदपत्रे हाताळावी लागतात. 'बाबा गावाला गेले' असे सांगितलेले मूल वाट पाहत राहते. त्याला सोप्या शब्दांत खरे सांगणेच हितावह ठरते. आजी-आजोबांचे दुःख तर बहुधा कोणी विचारतच नाही.

मराठी समाजाने यासाठी काही आधार निर्माण केले आहेत. मृत्यू झालेल्या घरी चूल पेटत नाही. शेजारी, सोयरे 'कडू घास' आणतात. तेराव्यापर्यंत घर भरलेले असते. खरी कसोटी त्यानंतरची. भूकंपानंतर नव्या जागी वसलेल्या गावांत घरे पक्की झाली, रस्ते रुंद झाले. परंतु जुन्या गल्लीतला शेजार दुरावला. माणसांच्या पाठोपाठ आधारही गमावल्याची ही खंत होती.

बहुतेकांचा शोक काळानुसार सौम्य होतो. तो सहा महिन्यांहून अधिक काळ तितकाच तीव्र राहून दैनंदिन व्यवहार ठप्प करत असेल, तर जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ पासून लागू झालेल्या आजारांच्या वर्गीकरणात त्यास 'दीर्घकालीन शोकविकार' म्हटले आहे. अशा वेळी मानसोपचारतज्ज्ञांचे साहाय्य घ्यावे. केंद्र सरकारची 'टेली मानस' ही दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य आहे.

'धीर धरा' म्हणणारे पुष्कळ भेटतात. तेराव्यानंतरही दार ठोठावणारा, गेलेल्या माणसाचे नाव न टाळता आठवण काढणारा शेजारी मात्र अधिक मोलाचा असतो.