खळ्यातलं लग्न, सीमेपलीकडची सोयरीक

इन्सुलीच्या लग्नाचा मुहूर्त पंचांगातून निघायचा, पण पक्का व्हायचा तो वेंगुर्ल्याच्या बंदराचा विचार करून. घरातले कर्ते पुरुष मुंबईच्या गिरण्यांत आणि गोदीत. ते आल्याशिवाय मांडवाच्या कामाला हात लागायचा नाही, आणि ते यायचे बोटीनं. मुंबईहून निघालेली आगबोट रत्नागिरी, विजयदुर्ग, देवगड, मालवण करत वेंगुर्ल्यासमोर उभी राहायची. पडावातून उतारू किनाऱ्याला लागायचे, तिथून बैलगाडीनं आणि पुढच्या काळात सर्व्हिस मोटारीनं सावंतवाडी गाठायची, मग घाट उतरून इन्सुली. ट्रंकेत नवरीचा शालू, नवऱ्याचा कोट आणि वर्षभराची शिल्लक. पावसाच्या तोंडावर बोटी बंद व्हायच्या. म्हणून ज्येष्ठातला उशिराचा मुहूर्त कितीही चांगला निघाला तरी घरातले जाणते त्याला नाही म्हणायचे. लग्न लागेल, पण नवऱ्याच्या भावानं परत खात्यावर रुजू कधी व्हायचं, याचं उत्तर त्या मुहूर्तात नसायचं.

दुसरं टोक शेतीचं. भात कापून, झोडून घरात येईपर्यंत खळं मोकळं नसायचं आणि हात रिकामे नसायचे. तुळशीचं लग्न लागलं की गावात लग्नाची भाषा सुरू व्हायची. कार्तिकापासून वैशाखापर्यंतचा हा काळ दिसायला मोठा, पण त्यातही पौष गेला, जत्रांचे दिवस गेले आणि मे महिन्यात विहिरीचं पाणी तळाला गेलं. किती पानं उठवायची, याचा हिशेब पैशांआधी पाण्याशी जोडलेला असे. शंभर माणसांच्या जेवणाला लागणारं पाणी कळशीनं भरणाऱ्या बायकांना तो हिशेब सगळ्यांत नीट ठाऊक होता.

गाव सावंतवाडी आणि बांदा यांच्या मधलं. उत्तरेला इन्सुलीचा घाट, दक्षिणेला बांद्याची बाजारपेठ आणि तेरेखोल नदी, आणि त्यापलीकडे थोड्याच अंतरावर पत्रादेवीपासून गोवा सुरू. महामार्गानं गोव्याला जाणाऱ्यांना इन्सुली आठवते ती तपासणी नाक्यामुळे. लग्नाच्या इतिहासात मात्र हे गाव बंदर, घाट आणि सरहद्द यांच्या कात्रीत सापडलेलं आहे. पाहुणे किती येणार, सोयरीक कुठे जुळणार आणि खर्च कशाचा, यावर या तिघांचा हात होता.

सोयरीक जमली की पहिलं आमंत्रण देवाला. ग्रामदेवता माऊली, मग कुलदेव, मग वाडीचा राखणदार. देवळात नारळ ठेवून गाऱ्हाणं घालायचं, काही घरांत देवाला कौल लावायचा, आणि मगच गावच्या मानकऱ्यांना बोलावणं जायचं. हा क्रम चुकला तर लग्न अडत नसे, पण मानपान दुखावायचा आणि त्याची आठवण पुढच्या पिढीपर्यंत राहायची. पाहुण्यांची यादी अशी कागदावर नसायचीच. वाडीतलं प्रत्येक घर, भावबंद, सोयरे, मानकरी हे आधीच ठरलेले, त्यात निवड करायला जागाच नव्हती. अक्षता घेऊन घरोघर फिरणारा माणूस एखादं घर विसरला तर ते घर विसरणं मानलं जायचं नाही, नाकारणं मानलं जायचं.

जागा म्हणजे घरापुढचं खळं. ते चोपून, शेणानं सारवून घ्यायचं, पोफळीचे खांब रोवायचे, वर माडाची चुडतं विणून घालायची, आंब्याची डहाळी, केळीचे खुंट. मालवणी बोलीत हा माटव. तो घालायला भाड्यानं माणूस आणलेला कुणी ऐकला नसेल. पोफळी एकाच्या बागेतल्या, चुडतं दुसऱ्याच्या माडांची, सुंभ तिसऱ्याकडचं, आणि बांधणारे हात सगळ्या वाडीचे. वऱ्हाड उतरायला शेजारचं घर रिकामं करून द्यायचं, ते जानवसघर. मोठे टोप आणि पराती गावातल्या कुणाकडच्या, आणि पुढच्या काळात कित्येक ठिकाणी मुंबईत राहणाऱ्या ग्रामस्थांच्या मंडळांनी वर्गणीतून घेऊन वाडीच्या नावावर ठेवलेले. रात्रीच्या उजेडाला गॅसबत्त्या. जेवणाला केळीची पानं, भात, वरण, काळ्या वाटाण्यांची उसळ, वडे, सोलकढी, खीर. सागोती नंतर, नवरी नवऱ्यासह माहेरी परत येते त्या पाचपरतावणाला. नवरीच्या केसांत अबोलीचा वळेसार, आणि मार्च-एप्रिलचा मुहूर्त असला तर आरवली-आसोली भागातून आलेली सुरंगी. रुखवतात सावंतवाडीच्या चितारआळीतले रंगवलेले पाट, चौरंग, लाकडी फळं.

जुनी माणसं सांगतात की तेव्हा लग्नं स्वस्तात व्हायची. ते खरं नाही. खर्च मोठा होता, फक्त तो रोकडीत नव्हता. माटवासाठी तीन-चार दिवस राबणारे पंधरा-वीस गडी, वडे थापायला पहाटेपासून बसलेल्या बाया, दूध, नारळ, तांदूळ, सरपण, गाड्या, हे सगळं आजच्या दरानं लावलं तर त्या लग्नाचा आकडा छोटा निघणार नाही. ते कर्ज वाडीचं होतं आणि फेडायचं श्रमानंच. कुणाच्या लग्नात तुमच्या घरचे दोन गडी आले, कुणी आहेरात काय दिलं, हे वहीत लिहिलं जायचं, आणि वही नसली तरी बायकांना तोंडपाठ असायचं. परतफेडीची मुदत पुढचं लग्न.

पण या देवाणघेवाणीचं कौतुक करताना एक गोष्ट झाकता येत नाही. सगळेच हात बरोबरीचे नव्हते. वाजंत्री देवळी समाजाचे, कपडे परटाचे, मडकी कुंभाराची, आणि त्यांचा मोबदला वर्षाच्या धान्यात आणि हक्कात. निरोप पोचवणं, लाकूड फोडणं अशी कामं महार समाजाकडे वतनाच्या नावाखाली गृहीत धरलेली. राबणाऱ्यांची पंगत वेगळी, कित्येकदा मांडवाबाहेर. मुंबई राज्यानं १९५८ साली कनिष्ठ ग्रामवतनं रद्द करणारा कायदा केला, आणि गावच्या लग्नातल्या सक्तीच्या कामाचा कायदेशीर आधार संपला. त्यामागे बाबासाहेब आंबेडकरांनी १९२० च्या दशकापासून महार वतनाविरुद्ध चालवलेला लढा होता. पंगत एक व्हायला त्यानंतरही बराच काळ जावा लागला. खळ्यातल्या लग्नाचा उमाळा येणाऱ्यानं हा भागही त्याच लग्नाचा म्हणून पाहायला हवा.

लग्नखर्चानं शेतकरी बुडतो, हा आरोपही जुनाच. १८७५ साली पुणे-अहमदनगर भागात सावकारांविरुद्ध दंगे झाले, आणि चौकशीसाठी नेमलेल्या दख्खन दंगे आयोगापुढे हाच मुद्दा आला. आयोगाचं मत लक्षात ठेवण्यासारखं आहे. लग्नाच्या खर्चाला कर्जबाजारीपणाचं कारण म्हणून अवाजवी महत्त्व दिलं जातं, असे प्रसंग वारंवार येत नाहीत आणि वर्षांच्या हिशेबात हा खर्च शेतकऱ्याच्या स्थितीतल्या माणसानं करणं रास्त ठरावं इतकाच असतो, असा त्याचा आशय. तो आयोग घाटावरचा होता. तळकोकणातली जमीन, पीक, सावकारी सगळं वेगळं. तरीही गिरणीतून पाठवलेल्या मनिऑर्डरींवर चालणाऱ्या घरालाही हे बोल लागू पडतात. तिथं लग्न हा वर्षांच्या बचतीचा ठरलेला शेवट असायचा, अचानक आलेलं संकट नव्हे. संकट आलं ते वेगळ्या दिशेनं. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, आणि तळकोकणातल्या घरांकडे येणाऱ्या मनिऑर्डरी आटल्या. ठरलेली लग्नं पुढे ढकलली गेली. जी झाली ती वाडीच्या जोरावर.

आता सरहद्द. गोव्यातला पेडणे महाल १७८८ पर्यंत सावंतवाडीकर भोसल्यांचा होता, त्या वर्षी तो पोर्तुगीजांकडे गेला. राज्य बदललं, सोयरीक बदलली नाही. बांदा, इन्सुली, सातार्डा, आरोंद्याच्या मुली पेडण्यात आणि पेडण्याच्या इकडे, हे दीडशे वर्षांहून अधिक काळ चालू राहिलं. जकात नाक्यावर वऱ्हाडाच्या गाड्या थांबायच्या आणि पुढे जायच्या. देव एक, भाषा एक, दशावतारी नाटकही एक.

१५ ऑगस्ट १९५५ ला पत्रादेवीवर गोवामुक्तीच्या सत्याग्रहींवर पोर्तुगीजांच्या गोळ्या चालल्या. त्यानंतर भारतानं गोव्याची आर्थिक नाकेबंदी केली आणि सीमा बंद झाली. पुढची सहा वर्षं, १९ डिसेंबर १९६१ ला गोवा मुक्त होईपर्यंत, नदीपलीकडे दिलेली मुलगी माहेरी येणं परवानगीच्या कागदावर अवलंबून राहिलं. पाचपरतावणासाठी कागद कुठून आणायचा? लग्नाच्या आराखड्यात नातेवाइकांची जी बाजू आपोआप भरलेली असायची, तीच या काळात रिकामी झाली. सीमेवरच्या गावांच्या आठवणीत मुक्तिसंग्राम नुसता घोषणांचा नाही. तो मामाशिवाय लागलेल्या लग्नांचाही आहे.

मुक्तीनंतर वर्षभरानं दुसरी अडचण आली, आणि ती सीमेच्या दोन्ही बाजूंना सारखीच होती. जानेवारी १९६३ मध्ये अर्थमंत्री मोरारजी देसाई यांनी सुवर्ण नियंत्रणाचे नियम आणले आणि नवे दागिने चौदा कॅरेटपेक्षा शुद्ध सोन्याचे घडवायला बंदी घातली. चौदा कॅरेटचं मंगळसूत्र ही कल्पना कुणाला पटली नाही. सोनारांचं काम गेलं. घरातले जुने दागिने पुढच्या लग्नासाठी जपून ठेवण्याला आणखी जोर आला. सुवर्ण नियंत्रण कायदा पुढे १९६८ मध्ये पक्का झाला आणि १९९० मध्ये रद्द झाला. तोवर एक अख्खी पिढी लग्न करून मोकळी झाली होती.

लग्नखर्चाशी मुलीच्या वाट्याचा प्रश्नही बांधलेला आहे, आणि इथं नदीच्या दोन काठांवर दोन वेगळे न्याय होते. गोव्यात १८६७ चा पोर्तुगीज दिवाणी कायदा १८७० पासून लागू झाला. त्यानं मुलीला वडिलांच्या मालमत्तेत वाटा दिला आणि नवराबायकोची मालमत्ता, आधी वेगळा करार केला नसेल तर, दोघांची सामाईक मानली. इन्सुलीच्या बाजूला मात्र बापानं लग्न लावून दिलं, सोनं घातलं की वाटा संपला, असा समज राहिला. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानं मुलीला वडिलांच्या स्वतःच्या मालमत्तेत हक्क दिला, १९९४ मध्ये महाराष्ट्रानं आणि २००५ मध्ये केंद्रानं तिला वडिलोपार्जित मालमत्तेतही सहहिस्सेदार केलं. तरी बहिणीची हक्कसोड सही घेताना लग्नाला झालेला खर्च आजही बोलून दाखवला जातो. ज्या मुलीला जमीन मिळत नाही तिचं लग्न थाटात व्हायला हवं, असा आग्रह मग तिची आईच धरते. लग्नाचं बजेट फुगण्यामागचं हे कारण फुलांच्या सजावटीपेक्षा जास्त खोल आहे.

खळं मागे पडलं ते हळूहळू. आधी देवळाचा सभामंडप, मग शाळेचं पटांगण, मग सावंतवाडी-बांद्याकडची मंगल कार्यालयं. पुष्कळ चाकरमान्यांनी लग्नंच परळ-दादरच्या सभागृहांत उरकली आणि गावाला फक्त पूजा ठेवली. २६ जानेवारी १९९८ ला कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर सुरू झाली. सावंतवाडी रोड आणि मडुरे ही स्थानकं जवळ आली आणि उलटा प्रवाह सुरू झाला. मुंबईचे पाहुणे रात्रीच्या गाडीत बसून सकाळी मांडवात हजर व्हायला लागले. पाहुण्यांची संख्या वाढली, मुक्काम कमी झाला. वडे थापणाऱ्या बायकांची जागा केटररनं घेतली, आणि जो हिशेब श्रमात होता तो ताटामागच्या दरात आला. बजेट हा शब्द गावच्या बोलण्यात आला तो याच काळात, कारण आता खरोखरच प्रत्येक गोष्टीला रुपये मोजावे लागत होते.

करोनाच्या दुसऱ्या लाटेत एप्रिल २०२१ मध्ये राज्य सरकारनं लग्नाला पंचवीस माणसं आणि दोन तासांची मर्यादा घातली, मोडल्यास पन्नास हजार रुपये दंड. ज्या गावात यादी करायची सवयच नव्हती, तिथं यादी करावी लागली. काका की मामा, मानकरी की शेजारी. पुष्कळांनी मग खळ्यातच लग्न लावलं, आणि कित्येक घरांत निर्बंध उठल्यावरही छोट्या लग्नाचा विचार टिकून राहिला.

आता सीमेपलीकडे मोपाचा विमानतळ आहे. जानेवारी २०२३ पासून तिथून विमानं उडतात आणि दिल्ली-बंगळूरची कुटुंबं गोव्याच्या किनाऱ्यावर लग्नं करायला तिथं उतरतात. बांदा-इन्सुली भागातली मुलं मांडव उभारणं, वाढप, गाड्या अशा कामांसाठी त्या लग्नांना जातात. आजोबांनी वाडीसाठी बिनमोबदला केलेलं काम नातू दिवसाच्या मजुरीवर करतो, आणि त्याला त्याचे पैसे मिळतात ही चांगलीच गोष्ट आहे.

पेडण्याची सोयरीक मात्र अजून जुळतेच. गोव्यात लग्नाची दिवाणी नोंदणी करायची तर ती दोन टप्प्यांत होते. आधी नवरा-नवरीनं साक्षीदारांसह निबंधकाकडे जाऊन लग्न करणार असल्याचं लिहून द्यायचं, मग मुदत गेल्यावर पुन्हा जाऊन सही करायची. गोव्यात त्याला पहिली सही, दुसरी सही म्हणतात. म्हणून इन्सुलीच्या ज्या घरातली मुलगी नदीपलीकडे जायची असते, तिथं आज हॉल, केटरर आणि भटजी यांच्या आधी जन्मदाखला आणि रहिवासी दाखला शोधला जातो, पहिल्या सहीची तारीख ठरते, आणि मुहूर्त त्यानंतरचा काढायला सांगतात.