पडद्यावरचे दप्तर

बखर आणि अस्सल कागद यांत इतिहासाचार्य राजवाड्यांनी जो भेद केला, तो संगीताच्या इतिहासासही लागू पडतो असे आम्हांस वाटते. कलावंताचे आत्मचरित्र ही त्याची बखर; ती मागाहून रचलेली असते. जलशाचे चित्रण हा मात्र त्या घटकेचा कागद. संपादकाची कात्री त्यावरूनही फिरते हे खरे. तथापि त्या घटकेची चर्या त्यात उमटून राहते. इंग्रज गिटारवादक एरिक क्लॅप्टन याचे असे तीन कागद आपल्यापुढे आहेत.

पहिला १ ऑगस्ट १९७१ चा, न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमधला. पूर्व बंगालच्या निर्वासितांची दैना पाहून पंडित रविशंकर यांनी आपला शिष्य व स्नेही जॉर्ज हॅरिसन यास साद घातली आणि एकाच दिवशी दोन जलसे झाले. क्लॅप्टन त्या वेळी हेरॉइनच्या व्यसनाने इतका खचला होता, की तो रंगमंचावर येईल याचीच शाश्वती नव्हती. हॅरिसनच्या ‘व्हाइल माय गिटार जेंटली वीप्स’ या गीताच्या १९६८ च्या ध्वनिमुद्रणात मुख्य गिटार त्याचेच होते. १९७२ साली पडद्यावर आलेल्या चित्रपटात तेच गीत वाजविताना तो स्वतःपासूनच दूर गेल्यासारखा दिसतो. मित्राने बोलावले म्हणून आला, एवढेच त्याचे बळ.

दुसरा कागद २५ नोव्हेंबर १९७६ चा, सॅन फ्रान्सिस्कोचा. ‘द बँड’ या वाद्यवृंदाच्या निरोपाचा तो जलसा. मार्टिन स्कोर्सेसीने त्याचा ‘द लास्ट वॉल्ट्झ’ हा चित्रपट १९७८ मध्ये प्रदर्शित केला. क्लॅप्टनने स्वर छेडले आणि त्याच्या गिटारचा पट्टाच निसटला! क्षणाचाही खंड न पडू देता रॉबी रॉबर्टसनने ते वादन उचलून धरले. बखरकाराने असा प्रसंग कदाचित गाळला असता.

तिसऱ्या कागदाची तारीख २९ नोव्हेंबर २००२, हॅरिसनचे प्रथम वर्षश्राद्ध. मधल्या काळात त्याची प्रथम पत्नी पॅटी बॉइड १९७९ मध्ये क्लॅप्टनशी विवाहबद्ध झाली होती. तरीही स्नेह तुटला नव्हता. लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमधील या स्मरणजलशाच्या संगीताची धुरा क्लॅप्टननेच वाहिली. पाहुणा यजमान झाला होता. तेच जुने गीत त्याने वाजविले. पियानोवर मॅकार्टनी, तालावर रिंगो स्टार. आता ज्याचे गीत तोच नव्हता.

परंतु आम्हांस अधिक मोलाचा वाटतो तो त्याच चित्रपटातील दुसरा भाग. रविशंकरांनी दिवंगत शिष्यासाठी ‘अर्पण’ ही रचना केली होती आणि तिचे संचालन त्यांची कन्या अनुष्का हिने केले. त्या भारतीय वादकवृंदाच्या मेळ्यात क्लॅप्टनचे साधे गिटारही आहे. एकतीस वर्षांपूर्वी रविशंकरांच्या हाकेपासून सुरू झालेले हे दप्तर त्यांच्याच रचनेपाशी येऊन थांबते. बखरीत इतके जुळून आले असते, तर आम्ही त्यावर विश्वास ठेवला नसता.